कीथच्या जंगलातलं अळू

तुम्ही एका माणसाच्या एकतीस वर्षांच्या कामावर एकच शब्द लिहिलात आणि फाइल मिटलीत. शब्द होता ‘गिरवणारा’. नऊ नंबरच्या खिडकीमागं बसून, पेन्सिलीच्या मागच्या टोकानं कान कोरून झाल्यावर लिहिलात. तुम्हाला वाटलं, बालवाडीतली पोरं पाटीवरचं अक्षर गिरवतात तसा हा माणूस दुसऱ्याच्या चित्रावर शाई फिरवतो. आयत्या पिठावर रेघोट्या मारतो. असल्याला या देशात कायमचं कशाला ठेवून घ्यायचं? माणसाला तुम्ही प्रश्न विचारलेत, नाही असं नाही. पण चुकीचे विचारलेत, आणि त्याचं उत्तर ऐकता तुम्हाला आलं नाही. आता ऐका.

त्याचं नाव एलेउतेरियो दिमाकुलांगान. एवढं मोठं नाव जर्सी सिटीत कुणाच्या तोंडात मावत नव्हतं, म्हणून आमची मनिलाकडची माणसं त्याला तेर्यो म्हणत आणि अमेरिकन लोक टेरी. वय बावन्न. गाव बातांगास प्रांतात, ताल तळ्याच्या काठी. बायको सोर्सिंग आणि एकुलती एक मुलगी मिंदा तिकडेच. १९७६ साली एका चित्रकथा छापणाऱ्या कंपनीनं मनिलाहून नऊ चित्रकार एकदम उचलून आणले, त्यातला हा एक. का आणले? हात सफाईदार, झपाटा राक्षसाचा, आणि तोंडात जीभ नाही. असा माल कुणाला नको असतो?

मनिलात तेर्यो माएस्त्रो इल्देफोन्सोच्या कारखान्यात घडला. माएस्त्रो म्हणजे गुरुजी. एका पानावर सात-आठ जण वाकलेले असायचे. एक जण चेहरे करायचा, एक घोडे, एक बायकांचे कपडे. तेर्योकडे पाणी आणि झाडं. खाली नाव फक्त माएस्त्रोचं, आणि त्याचं कुणाला काही वाटत नसे. घर बापाच्या नावावर असतं, तसंच ते. माएस्त्रोचा एकच नियम होता. पान देण्याआधी पेन्सिलीची एकूण एक रेघ खोडरबरानं पुसायची. एक जरी राहिली तर तो पट्टीनं बोटांवर मारायचा आणि म्हणायचा, “तोंडाला भाताचं शीत चिकटलेलं असताना बाहेर जातोस का, गाढवा?” 

हे पुसणं लक्षात ठेवा. सगळी माती त्यानंच केली.

अमेरिकेत काम वाटून होतं. एकानं पेन्सिलीनं चित्र काढायचं, दुसऱ्यानं त्यावर शाई घालायची. तेर्योच्या वाट्याला आला कीथ लुंडग्रेन. मिनेसोटाच्या बर्फातला पोरगा, केस खांद्यापर्यंत, मन मोठं. पहिल्या थंडीत तेर्यो पातळ जाकिटात कुडकुडताना दिसला तेव्हा कीथनं स्वतःचा लोकरी कोट काढून त्याच्या अंगावर घातला आणि परत मागितला नाही. दर नोव्हेंबरात टर्कीच्या सणाला तेर्योचं पान कीथच्या घरी. कीथची आई त्याच्या ताटात तिसऱ्यांदा वाढायची आणि म्हणायची, “टेरी, तू चिमणीसारखा खातोस.” आमच्या माणसांत असलं ऋण पोटात राहतं. ते फेडता येत नाही, आणि विसरलं तर माणूस माणसांत राहत नाही.

कीथ सुरुवातीला मन लावून काढायचा. मग नाव झालं. नाव झालं की माणूस दमतो म्हणे. पानांवर पेन्सिल कमी कमी होत गेली. माणसाच्या जागी काठी, डोक्याच्या जागी अंडं, आणि कोपऱ्यात बाण काढून लिहिलेलं, “इथं शहर.” “इथं पाचशे सैनिक.” “इथं दुसऱ्या ग्रहावरचं जंगल. टेरी, तुला माहीतच आहे.”

तेर्योला माहीत होतं. दुसऱ्या ग्रहावरच्या जंगलात तो अळू लावायचा. आईच्या विहिरीमागचं, हत्तीच्या कानाएवढ्या पानांचं, पावसाचा थेंब वर पाऱ्यासारखा पळतो ते अळू. ब्रशाच्या एका झटक्यात देठ, दुसऱ्यात शिरा, आणि थेंबासाठी कागद कोरा सोडलेला. त्या जंगलांवर पोरं वेडी झाली. पत्रांचे गठ्ठे यायचे: कीथ लुंडग्रेनसारखं जंगल कुणी काढत नाही. खरंच होतं, कीथही काढत नव्हता.

आणि शाई वाळली की तेर्यो खोडरबर घेऊन बसायचा. काठ्या पुसल्या, अंडी पुसली, बाण पुसले. भाताचं एक शीत ठेवलं नाही. आठ वर्षांत साडेतीन हजार पानं. प्रत्येक पानाचा साक्षीदार त्यानं आपल्या हातानं मारला.

आता मिंदाचं सांगतो, कारण हे सगळं तिच्यासाठी होतं.

बाप परदेशी असला की आमच्याकडे एक रीत असते. पोरानं कागदावर उभं राहायचं, आईनं पावलाभोवती पेन्सिल फिरवायची, आणि तो कागद पत्रात घालून पाठवायचा. बाप तो कागद खिशात घालून दुकानात जातो, बुटात सरकवून बघतो आणि घरी पाठवायच्या खोक्यात बूट भरतो. तेर्यो निघाला तेव्हा मिंदा बारा वर्षांची होती. दर वर्षी एक पाऊल आलं. त्यानं ती सगळी टेबलासमोरच्या भिंतीवर ओळीनं लावली होती. पहिली चार वाढत गेली, पुढची तेवढीच राहिली. पोरगी मोठी झाली हे बापाला भिंतीवरून कळलं.

१४ सप्टेंबर १९८४ ला मिंदा एकवीस वर्षांची होणार होती. त्याआधी तेर्योला कायमचे कागद मिळाले तर बायको-मुलगी त्याच्यामागून येणार. एकवीस झाली की मुलगी कायद्यानं मूल राहत नाही. मग तिनं वेगळ्या रांगेत उभं राहायचं, आणि त्या रांगेत माणसं म्हातारी होतात.

चार वर्षं अर्ज पडून होता. जूनमध्ये तुमच्या कचेरीचं पत्र आलं. अर्जदार इतरांनी काढलेल्या चित्रांवर शाई फिरवतो असं कागदपत्रांवरून दिसतं, तो स्वतः असामान्य चित्रकार असल्याचा पुरावा द्यावा, मुलाखत ९ ऑगस्ट.

तेर्यो कीथकडे गेला. दारात उभं राहून टोपी हातात फिरवत राहिला. कीथनं विचारलं, “अरे, मेलंय का कुणी?”

“नाही. एक पत्र हवं होतं. माझ्या कामाबद्दल. सरकारला दाखवायला.”

“एवढंच? आत्ता लिहितो. तुझ्यासाठी रक्तानं लिहीन!” आणि लिहिलंसुद्धा. टाइप करून, सही ठोकून, तेर्योला उभा करून मोठ्यानं वाचून दाखवलं. “‘टेरीसारखा प्रामाणिक शाईकार मी पाहिला नाही. माझ्या रेघेशी तो इतका इमानदार आहे, की आठ वर्षांत त्यानं माझी एक रेघही बदलली नाही.’ कसं वाटलं?”

तेर्यो म्हणाला, “फार छान. थँक यू.”

कीथच्या मनात पाप नव्हतं. तो खरंच तसं समजत होता. छापून आलेलं पान बघताना त्याला वाटायचं, आपण असंच काढलं होतं. आता चोर असता तर त्याला पकडता आलं असतं. पण हा भला माणूस, पाठीवर थाप मारून गळा कापणारा. याचं काय करता?

पत्राची एक प्रत कीथनं उत्साहानं कंपनीच्या वकिलालाही धाडली. ती वकिलामार्फत तुमच्या फाइलीत सगळ्यात वर बसली.

देल्फिन आब्रेनिकानं ते पत्र वाचलं आणि कपाळावर हात मारला. देल्फिन त्याच नऊ जणांतला, तेर्योहून दहा वर्षांनी लहान. शाईचं काम सोडून एका छापखान्यात फोटो उतरवायला लागला होता. तेर्योला ‘कुया’ म्हणायचा, म्हणजे दादा, पण तोंड मात्र धाकट्या भावाचं नव्हतं.

“कुया, हे प्रशस्तिपत्र नाही, हे तुझं मृत्युपत्र आहे! ‘एक रेघही बदलली नाही’ म्हणे. रेघ होती कुठं बदलायला? जाऊन सांग त्याला, दुसरं लिही म्हणावं.”

“त्यानं माझ्यासमोर वाचून दाखवलं रे. कसं सांगू?”

“तोंडानं सांग. त्याला म्हणावं, बाबा, तू काठ्या काढतोस आणि मी माणसं करतो.”

“त्याच्या आईच्या हातचं खाल्लंय मी.”

“मग आता पोरीला पण टर्कीच खायला घाल. टपालानं.”

तेर्यो उठला. शेगडीवर भात उतू जात होता, त्याखालची आच त्यानं कमी केली. सुकट तळलेली होती, वरच्या मजल्यावरची बाई नेहमीप्रमाणे वासासाठी जमिनीवर काठी ठोकत होती. देल्फिन वर बघून ओरडला, “हो हो, ठोका! माणसं मेली इथं की असाच वास येतो!” मग खाली बसून हळू आवाजात म्हणाला, “कंपनीत पेन्सिलीची एखादी प्रत असेल ना?”

“विचारलं. पेन्सिलीची प्रत कशाला कोण काढेल? शाईचीच काढतात.”

“घरात? एखादं पान न पुसलेलं?”

तेर्योनं त्याच्याकडे असं पाहिलं, जणू त्यानं विचारलं होतं, घरात एखादा उंदीर पाळलेला आहे का.

पण देव कधी कधी ताट वाढून समोर ठेवतो. ऑगस्टच्या पहिल्या शुक्रवारी कीथची शेवटची पानं आली. त्यानंतर कीथ पंधरा दिवस मासे मारायला गावी चालला होता. पानं सोमवारी सकाळी कंपनीत पोचायला हवी होती. त्यात सतरावं पान होतं. तेर्योनं देल्फिनला फोन करून नुसतं वर्णन केलं आणि पलीकडून देल्फिन हसत सुटला. अख्खं पान म्हणजे एकच चित्र. मधे काठीचा माणूस, तोंड नाही. खाली एक वेडीवाकडी रेघ, तिच्यावर “जंगल”. उजवीकडे कॉफीच्या कपाचा गोल डाग. आणि समासात कीथच्या अक्षरात: “टेरी, काल फार झाली. हात चालत नाही. नेहमीसारखं सांभाळून घे.”

“कुया, हात लावू नकोस! शपथ आहे मिंदाची. उद्या चार वाजता छापखान्याचा मोठा कॅमेरा घेऊन येतो. आधी फोटो, मग शाई. मग दोन्ही शेजारी शेजारी ठेवू त्या साहेबाच्या नाकाखाली. हे आलं होतं, हे गेलं. तोंड उघडायचीसुद्धा गरज नाही तुला.”

शनिवारी सकाळी तेर्योनं दुसरी सगळी पानं संपवली. बारा वाजले. टेबलावर उरलं सतरावं पान. हात धुतले, पुन्हा धुतले. भिंतीवरची पावलं मोजली. ती आठच होती. मग पान वाचू लागला.

“काल फार झाली. हात चालत नाही.”

ही ओळ दोन माणसांतली होती. रात्री दार लावून मित्रानं मित्राला सांगावी अशी. आणि ती आता सरकारी साहेबाच्या टेबलावर पडणार. साहेब वाचणार, शेजारच्याला दाखवणार, दोघं हसणार. ज्यानं अंगावरचा कोट काढून दिला, त्याला आपण भर कचेरीत उघडा करणार? तेर्योच्या कानाच्या पाळ्या तापल्या. आमच्या माणसांना स्वतःची लाज वाटते तशी दुसऱ्याचीही वाटते, आणि दुसऱ्याची जास्त जाळते.

त्यानं ठरवलं, नुसती ती ओळ पुसू. काठी राहील, जंगलाची रेघ राहील. पुरावा पुरे आहे.

ओळ पुसली.

मग कॉफीचा डाग. एवढा मोठा साहेब, त्याच्यापुढं डाग पडलेला कागद कसा न्यायचा? कचेरीत जाताना माणूस इस्त्रीचा सदरा घालतो. डागावर त्यानं पांढरा रंग लावला.

मग ती काठी. तोंड नसलेली. कीथला माणूस काढता येतो, फार चांगला येतो, आठ वर्षांपूर्वीची पानं तेर्योनं पाहिली होती. साहेबाला वाटेल या पोराला काहीच येत नाही. निदान खांद्याची एक रेघ. एकच. ब्रश बाटलीत बुडाला.

हात गेला की त्यानं नेला, हे तेर्योला शेवटपर्यंत सांगता आलं नाही. देल्फिननं पुढं शंभर वेळा विचारलं. शंभर वेळा तो म्हणाला, “मला कळलंच नाही.” एकदा मात्र म्हणाला, “कळलं होतं.”

चार वाजता देल्फिन कॅमेरा खांद्यावर घेऊन जिने चढून आला. टेबलावर सतरावं पान पडलं होतं. एक माणूस पाठमोरा उभा, खांद्यावर ओझं, आणि समोर अळूचं रान. आभाळाला लागलेलं. पानापानावर थेंब, असा की बोट लावलं तर ओलं होईल. पेन्सिलीचा मागमूस नाही. खोडरबराचा भुगासुद्धा तेर्योनं मोरपिसानं झटकून, कागदात गोळा करून केराच्या डब्यात टाकला होता.

देल्फिननं कॅमेरा खाली ठेवला. बराच वेळ पान बघितलं.

“तुझं सगळ्यात सुंदर काम आहे हे, कुया,” तो म्हणाला. “तुझ्या आईचा घो.”

सोमवारी पान गेलं. गुरुवारी तेर्यो तुमच्या खिडकीशी आला. अंगावर इस्त्रीचा सदरा, हातात त्या पानाची प्रत. देल्फिननं त्याला वाटेत पढवलं होतं: कोणी काढलं विचारलं की ‘मी’ म्हणायचं. एक अक्षर आहे, कुया, एक. लेकीसाठी एक अक्षर.

तुम्ही प्रत हातात घेतलीत. “सुंदर आहे,” म्हणालात. खरंच म्हणालात, ते मी तुमच्या खात्यावर जमा धरतो. “कोणी काढलं?”

तेर्यो म्हणाला, “आम्ही दोघांनी, सर.”

“इथं नाव एकाचंच आहे.” तुम्ही फाइल उघडलीत. “मिस्टर लुंडग्रेन लिहितात, की तुम्ही त्यांची एक रेघही बदललेली नाही. हे खरं की खोटं?”

बघा, कसला प्रश्न! खरं म्हणावं तर लेक बुडते. खोटं म्हणावं तर कीथ सरकारपुढं खोटारडा ठरतो, सहीनिशी. तेर्योच्या घशात ‘खोटं’ येऊन बसलं होतं. तिथंच राहिलं.

“ते फार भले गृहस्थ आहेत, सर.”

“मी ते विचारलं नाही.”

तेव्हा तेर्यो हसला. आमचा माणूस लाजेनं मेला की हसतो. आईच्या तिरडीशी उभा राहूनही हसतो. त्या हसण्याखाली काय असतं ते आमच्या शेंबड्या पोरालाही कळतं. तुम्हाला वाटलं, पकडला गेला म्हणून हसला. तुम्ही पेन्सिल कानातून काढलीत, टेबलावर ठेवलीत, पेन उचललंत आणि तो शब्द लिहिलात.

ती पेन्सिल त्याच्यापासून एक वीत अंतरावर होती, साहेब. शेजारी कोऱ्या कागदांचा गठ्ठा होता. “काढ बघू काहीतरी,” एवढे तीन शब्द. एक मिनिट लागलं नसतं. त्यानं तुम्हालाच काढलं असतं, कानासकट.

१४ सप्टेंबर आला आणि गेला. त्या महिन्यात मिंदाचं पाकीट आलं. आत पावलाचा कागद होता, आणि त्यावर, पावलाच्या पोटात तिनं बापाला लिहिलेलं: “ताताय, यंदा बूट नकोत. इथल्या बाजारात मिळतात आता. हे पाऊल नुसतं राहू दे तुमच्याकडे. आता ते वाढणार नाही.”

तेर्योनं कागद टेबलावर पसरला. ब्रश घेतला, शाईत बुडवला, आणि टाचेपासून अंगठ्यापर्यंत त्या पेन्सिलीच्या रेघेवरून हळूहळू फिरवला. रेघ जशी होती तशी. केसभर आत नाही, केसभर बाहेर नाही. आयुष्यात पहिल्यांदा त्यानं खरोखर काहीतरी गिरवलं. वाळल्यावर सवयीनं खोडरबर उचलला, आणि खाली ठेवला.

तो कागद भिंतीवर नववा लागला. तेर्यो अजून कीथच्या पानांवर शाई घालतो, कंपनी वर्षावर्षानं त्याचा कागद वाढवून घेते. सोर्सिंग एकटीला येता येईल का, हे पुन्हा विचारायला तो तुमच्याकडे आलेला नाही. येणारही नाही. देल्फिन म्हणतो, माणूस जेवतो, काम करतो, झोपतो, पण विचारणं सोडलंय त्यानं. वसंतात कीथला त्या सतराव्या पानाबद्दल मोठं पारितोषिक मिळालं. मंचावरून त्यानं टेरीचे आभार मानले. तेर्यो शेवटच्या रांगेत उभा राहून टाळ्या वाजवत होता आणि हसत होता.

ते पान छापलेला अंक आता दुकानादुकानात मिळतो. विकत घ्या. साठ सेंट पडतील. खिडकीत बसून, भिंग लावून बघा. ते हत्तीच्या कानाएवढं पान, तो देठ, तो पळणारा थेंब. मग नकाशा उघडा आणि कीथ लुंडग्रेनचं गाव शोधा, जिथं सहा महिने जमीन दगडासारखी गोठलेली असते. आणि मला एवढंच सांगा. तोंडी नको. ज्या पेनानं तो शब्द लिहिलात, त्याच पेनानं लेखी द्या, खाली तुमच्या नावाची सही करून.

मिनेसोटात अळू उगवतं का?

उत्तर द्या.